‘मदत’ म्हणजे किती काम? – ओसा जॉन्सनची गोष्ट

सिंह-हत्तींचे सिनेमे आज आपण मोबाइलवर बघतो. शंभर वर्षांपूर्वी ते काढायला काय लागायचं, ते आज ऐकूया.

ओसा १८९४ साली अमेरिकेत, कॅन्सस राज्यातल्या शनूट गावात जन्मली. सोळाव्या वर्षी तिनं मार्टिन जॉन्सनशी लग्न केलं. लेखक जॅक लंडन यांच्या गलबतावर स्वयंपाकी होऊन मार्टिन प्रशांत महासागरात फिरून आला होता. त्या प्रवासाची चित्रं तो गावोगाव दाखवायचा. ओसा त्याच खेळांत गाऊ लागली.

१९१७ साली दोघं कॅमेरा घेऊन दूरच्या मालेकुला बेटावर गेली. तिथल्या बिग नांबास लोकांच्या प्रमुखानं त्यांना अडवून धरलं. समुद्रात ब्रिटिश युद्धनौका दिसली, म्हणून सुटका झाली. तरी दोन वर्षांनी दोघं परत गेली आणि त्याच लोकांना त्यांचाच सिनेमा पडद्यावर दाखवला!

पुढे केनियातल्या मार्साबिट डोंगरात, एका तळ्याकाठी, १९२४ पासून काही वर्षं त्यांचा मुक्काम होता. तेव्हाचा कॅमेरा हातानं फिरवायचा. डोळा भिंगाला, हात दांड्याला. समोरून जनावर धावून आलं तर मार्टिननं करायचं काय? म्हणून शेजारी बंदूक रोखून ओसा उभी असायची. मुक्कामी आली की भाजीचा मळा, स्वयंपाक, मासेमारी, सगळं तिच्याकडे. सिनेमात दिसायचीही तीच. या कामातून १९२८ साली ‘सिंबा’ हा सिनेमा आला. नंतर दोघं विमान चालवायला शिकली. एका विमानाला झेब्र्याचे पट्टे रंगवले, दुसऱ्याला जिराफाचे ठिपके, आणि आफ्रिका वरून टिपली.

जानेवारी १९३७ मध्ये कॅलिफोर्नियात प्रवासी विमानाला अपघात झाला. मार्टिन गेला, ओसा जबर जखमी झाली. पण चाकाच्या खुर्चीत बसून तिनं ठरलेली व्याख्यानं दिली. १९४० साली तिच्या नावानं आलेलं आत्मकथन अमेरिकेत तुफान खपलं. १९५३ साली ती वारली. शनूटमध्ये आज दोघांच्या नावाचं संग्रहालय आहे.

आता दुसरी बाजूही बघू. त्यांच्या सिनेमांत काळ्या माणसांची थट्टा आहे, त्यांना रानटी म्हणून दाखवलं आहे. ज्यांनी ओझी वाहिली, वाटा दाखवल्या, त्यांची नावं बहुतेक पडद्यावर आलीच नाहीत. ओसाचं धाडस खरं, आणि हा अन्यायही खरा.

लोक म्हणायचे, ओसा नवऱ्याला साथ देते. पण बंदूक धरणारी नसती, तर कॅमेरा फिरला असता का? आपल्याकडेही पेरणी, खुरपणी, धारा काढून बाई ‘मदत करते’, आणि शेतकरी म्हणून नाव लागतं दुसऱ्याचंच. येत्या बैठकीत प्रत्येकीनं आपल्या दिवसभराच्या कामांची यादी करा. आणि तिच्या डोक्यावर ‘मदत’ नाही, ‘काम’ असं लिहा.