२१ ऑगस्ट : वॉर्सातले कोल्हापूर

२०२४ : पोलंडची राजधानी वॉर्सा येथील ‘कोल्हापूर स्मारका’ला पंतप्रधान नरेंद्र मोदींनी आदरांजली वाहिली. १९४० पासून सोव्हिएत सत्तेने सैबेरियाकडे हाकललेली पोलिश कुटुंबे पुढे इराणमार्गे भारतात आली. जामनगरच्या जामसाहेबांनी मुलांना दिलेला आसरा गाजला. पण छावणी मोठी ती आपल्या शेजारची, करवीर (कोल्हापूर) संस्थानातल्या वळिवड्याची. १९४३ ते १९४८ या काळात सुमारे ५,००० जण, बहुतेक बायका-मुले, तिथल्या कौलारू बराकींत राहिले. शाळा, चर्च, नाटक, स्काउट, सारे त्यांनी उभे केले. मागोमाग फाळणीने उखडलेले सिंधी तिथे वसले. तेच आजचे गांधीनगर! निपाणी-पिरनवाडीकडची मंडळी लग्नाचा बस्ता बांधायला जातात, ती कापडपेठ हीच.