आईचा वाटा : ग्रीक पुराणकथेतील नाते आणि अथेन्सचे नागरिकत्व

ग्रीक पुराणकथेतील वीराची ओळख पराक्रमाने होण्याआधी कुळाने होते. 'इलियड'मध्ये समोरासमोर आलेले डायोमिडीस आणि ग्लॉकस शस्त्र चालवण्यापूर्वी वंशाची विचारपूस करतात आणि आजोबांच्या काळचा आतिथ्यसंबंध उघड होताच लढण्याऐवजी चिलखतांची अदलाबदल करतात. वंशावळ ही येथे केवळ कथेची पार्श्वभूमी नाही; वैर, सख्य आणि हक्क यांचा निवाडा करणारी ती भाषा आहे. या भाषेचे व्याकरण मात्र स्थिर राहिले नाही. त्यातील स्थित्यंतरे आईच्या स्थानाकडे पाहिले असता विशेष स्पष्ट होतात.

इ. स. पू. ७०० च्या सुमाराच्या हेसिअडच्या 'थिऑगनी'त देवांचा इतिहास हा बाप-लेकांच्या संघर्षाचा इतिहास आहे. युरेनस मुलांना गेयाच्या उदरातच कोंडून ठेवतो. क्रोनस त्यांना जन्मताच गिळतो. दोन्ही वेळी आई धाकट्या मुलाच्या बाजूने उभी राहते आणि बापाची सत्ता जाते. झ्यूस यातून धडा घेतो. तो अपत्याला गिळत नाही, गर्भवती मीटिसलाच गिळतो. पुढे त्याच्या मस्तकातून अथीना जन्मते. आणि मीटिसपासून होणार असलेला, बापाचे राज्य घेणारा मुलगा जन्माला येतच नाही. सत्तांतराची साखळी तुटते ती आईचे सामर्थ्य पित्याने स्वतःच्या देहात सामावून घेतल्यामुळे. तरीही हेसिअडच्या कथनात मीटिसचे नाव आणि तिचे मातृत्व शाबूत आहे.

इ. स. पू. ४५८ मध्ये सादर झालेल्या एस्किलसच्या 'ओरेस्टेया'त हे नाव पुसले जाते. पतीचा वध करणाऱ्या क्लायटेम्नेस्ट्राला ठार मारून ऑरेस्टीस अथेन्सला येतो. सूडदेवतांचे म्हणणे असे की, पती हा रक्ताचा नातलग नव्हे, आई मात्र आहे. म्हणून मातृवध हाच खरा अपराध. अपोलोचे उत्तर प्रसिद्ध आहे. त्याच्या मते जन्मदाता बापच. आई ही पेरलेल्या बीजाचा सांभाळ करणारी परकी स्त्री. धर्मशास्त्रातील बीज-क्षेत्रविवादाशी परिचित असलेल्या वाचकाला या युक्तिवादाची जात ओळखीची वाटेल. पुरावा म्हणून तो अथीनेकडे बोट दाखवतो, आणि आपल्याला जन्म देणारी आई नाही असे सांगून तीही ऑरेस्टीसच्या बाजूने मत देते. हेसिअडची मीटिस येथे अस्तित्वातच नाही. ज्या मुलीच्या बळीमुळे क्लायटेम्नेस्ट्राने शस्त्र उचलले, त्या इफिजेनियाचे नावही या खटल्यात निघत नाही.

बाखोफेनने १८६१ मध्ये या नाट्यत्रयीत मातृसत्तेवर पितृसत्तेने मिळवलेल्या विजयाची ऐतिहासिक स्मृती पाहिली. एंगल्सने ती मांडणी पुढे नेली. तथापि प्राचीन मातृसत्तेचा स्वतंत्र पुरावा नसल्याने हा अर्थ आज टिकत नाही. शिवाय नाटकातच त्याला बाधा येते. बापाचा कैवार घेणाऱ्या झ्यूसने स्वतःच्या बापाला बेड्या घातल्या होत्या, हा सूडदेवतांचा प्रतिवाद अपोलोला नीट परतवता येत नाही. मते समसमान पडतात; आणि शेवटी अथीना सूडदेवतांना हाकलून देत नाही, विवाह व अपत्यजन्माच्या प्रसंगी मान मिळेल असे आश्वासन देऊन नगरातच त्यांची स्थापना करते. अपोलोचा सिद्धान्त हे अथेन्सचे मत नव्हे, ते खटल्यातील एका पक्षाचे म्हणणे आहे.

अथेन्सचा कायदा तर उलट दिशेने बोलतो. एकाच बापाच्या सावत्र भावंडांचा विवाह तेथे संमत होता. एकाच आईच्या सावत्र भावंडांचा नव्हता. नाटकानंतर सात वर्षांनी, इ. स. पू. ४५१ मध्ये, पेरिक्लीसच्या प्रस्तावावरून असा नियम झाला की, आई-बाप दोघेही अथेनियन असलेल्यालाच नागरिकत्व मिळावे. रंगभूमीवर जिला परकी ठरवले गेले, तिच्यावाचून कायद्याच्या दृष्टीने नागरिकाचा जन्मच अशक्य झाला. या नियमाचा फटका त्याच्या कर्त्यालाही बसला. साथीच्या रोगात औरस मुले दगावल्यावर मिलेटसच्या अ‍ॅस्पेशियापासून झालेल्या मुलासाठी पेरिक्लीसला अपवादाची याचना करावी लागली.

हा पेच युरिपिडीसच्या 'आयन'मध्ये पूर्णपणे उघड होतो. पेलोपोनेशियन युद्धाच्या उत्तरार्धातले हे नाटक जुनी वंशावळ बदलून लिहिते. हेसिअडच्या नावावरील परंपरेत डोरस आणि झूथस हे हेलनचे मुलगे, तर आयन हा झूथसचा मुलगा. युरिपिडीस आयनला अपोलोचा मुलगा करतो आणि डोरसला झूथस व क्रेउसा यांचा पुढे होणारा मुलगा ठरवतो. परिणामी आयोनियनांचा मूळपुरुष देवपुत्र ठरतो आणि स्पार्टाच्या डोरियनांचा मूळपुरुष त्याचा मर्त्य धाकटा भाऊ. युद्धकाळात या फेरफाराचा अर्थ प्रेक्षकांना समजावून सांगण्याची गरज नव्हती.

परंतु नाटकाचा गाभा त्याहून खोल आहे. झूथस हा परका. त्याचा मुलगा म्हणून अथेन्सला जाण्यास आयन कचरतो. आपली आई अथेनियन निघावी, म्हणजे तिच्याकडून आपल्याला मोकळेपणाने बोलण्याचा अधिकार मिळेल, अशी त्याची इच्छा आहे. देव असलेला पिता त्याला हा अधिकार देऊ शकत नाही. तो शेवटी समोरही येत नाही, अथीनेला पाठवतो. नागरिकत्व येते ते एरेक्थ्यूसच्या मुलीकडून, अपोलोने जिच्यावर बळजबरी केली आणि जिने टाकलेल्या मुलाची खूण वर्षानुवर्षे मनात जपली त्या क्रेउसाकडून.

मीटिस, क्लायटेम्नेस्ट्रा आणि क्रेउसा यांना एका रेषेत ठेवले असता आईचा क्रमशः ऱ्हास दिसत नाही, तसा उत्कर्षही दिसत नाही. दिसते ती एक न सुटलेली अडचण. वंशाची शुद्धता जितकी महत्त्वाची, तितकी आई अपरिहार्य. आणि आई जितकी अपरिहार्य, तितका तिच्यावरचा पहारा कडक. अथेन्सच्या स्त्रीला नागरिक जन्माला घालता येत होता, पण सभेत मत देता येत नव्हते. आयनला क्रेउसाकडून मिळणारा बोलण्याचा अधिकार क्रेउसाला स्वतःला कधीच नव्हता.