महिना चार रुपयांचा गोलंदाज

नांदेड-भोकरकडे चेंडू टाकणं म्हणजे क्रिकेटच. बेसबॉलचा पिचर तिथं कुणाला ठाऊक? पण अमेरिकेत पिचर चेंडू फेकून पोट भरत होते, त्याच काळात, 1890च्या दशकात, पुण्याच्या क्लबात एक तरुण जवळपास तेच करत होता. पालवणकर बाळू. पगार महिना चार रुपये. काम मैदानावर रोलर फिरवण्याचं, जाळी बांधण्याचं आणि गोऱ्या साहेबांना सरावासाठी गोलंदाजी करण्याचं. त्यांतला ग्रेग हा फलंदाज बाद झाला की बाळूंना आठ आणे बक्षीस देई, असं सांगतात. या सरावातच त्यांची डावखुरी फिरकी घडली.

पुढे हिंदू संघानं त्यांना घेतलं खरं, पण चांभार समाजातला म्हणून चहा मात्र पॅव्हेलियनबाहेर, मातीच्या भांड्यात. विकेट चालत, हातचा पेला चालत नसे!

भारतीय संघाच्या 1911च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी 114 बळी घेतले. तरीही हिंदू संघाचं कर्णधारपद त्यांना कधी मिळालं नाही. ते 1923 मध्ये धाकटे भाऊ विठ्ठल यांना मिळालं.