दोर सोडू नका

तुम्ही पहिल्या रांगेत बसला आहात. साल १९६१. गाव सेंट्रल सिटी. या नावाची गावं अमेरिकेच्या नकाशावर सापडतील, पण हे फक्त डीसी कॉमिक्सच्या पानांत आहे. सभागृह अनाथ मुलांनी भरलंय आणि रंगमंचावर लाल वेशातला फ्लॅश, म्हणजे बॅरी ॲलन, दोराची जादू दाखवतोय. हिंदुस्थानची म्हणून जगभर खपलेली ती जादू: दोर सरळ उभा राहतो, माणूस वर चढतो आणि नाहीसा होतो. आपल्याकडे ती प्रत्यक्ष पाहिलेला माणूस मात्र भेटत नाही. असो. बॅरी अंगातला कण न् कण थरथरवायला लागलाय. पटकन दोर धरा.

आधी दातावर दात आपटतात, मग दात आहेत की नाहीत तेच कळेनासं होतं. डोळे उघडता तर सभागृह नाही, मुलं नाहीत. हे कीस्टोन सिटी. जागा तीच, पण पृथ्वी दुसरी. दोघींच्या कंपनांची गती वेगळी, म्हणून एकमेकींत असूनही त्या एकमेकींना लागत नाहीत. बॅरी टेलिफोन डिरेक्टरीत एक नाव शोधतो, जे गॅरिक. दार उघडणाऱ्याच्या कानशिलांवर पांढरं दिसतंय. हा १९४० सालचा फ्लॅश. बॅरी त्याला सांगतो, लहानपणी मी तुझ्या गोष्टी कॉमिकमध्ये वाचल्यात! त्या लिहिणारा गार्डनर फॉक्स झोपेत तुमच्या जगाशी जोडला जात असणार. हा खुलासाही फॉक्सनंच लिहिलेला आहे, हे तुम्ही ओठांवर येऊ देऊ नका.

पुढे या दोन जगांना नंबर पडले. बॅरीचं पहिलं, जेचं दुसरं. जे वयानं मोठा असूनही मान धाकट्याला.

दोर पुन्हा हलतो. १९८५. आकाश लाल झालंय आणि एक पांढरी भिंत पृथ्वीमागून पृथ्वी गिळत येतेय. ‘क्रायसिस ऑन इन्फिनिट अर्थ्स’चे बारा अंक, लेखक मार्व वुल्फमन, चित्रकार जॉर्ज पेरेझ. साठलेली जगं नव्या वाचकांना झेपत नाहीत, म्हणून कंपनीनं झाडू हातात घेतलाय. जग वाचवण्यासाठी धावता धावता बॅरी तुमच्यादेखत विरून जातो. शेवटी पृथ्वी उरते एकच. दुसऱ्या पृथ्वीचा पिकल्या केसांचा सुपरमॅन सकाळी नेहमीसारखा कामावर जातो, तर तिथे त्याला कुणी ओळखत नाही. दोघे सुपरमॅन, जे आणि बॅरीचा चेला किड फ्लॅश वैश्विक ट्रेडमिलवरून त्याचं जग शोधायला निघतात, तुम्हीही चढा. पोचता तिथे जमीन नाही, तारे नाहीत, काळोखाशिवाय काही नाही. म्हातारा सुपरमॅन अजून बघतोच आहे.  

आता उड्या भराभर मारा. तिसाव्या शतकातल्या लीजन या सुपरहीरोंच्या फौजेतल्या पोरांना विचारा, स्फूर्ती कुणाची? सुपरबॉयची, म्हणजे पोरवयातल्या सुपरमॅनची, असं ती छाती फुगवून सांगतील. पण १९८६ मध्ये जॉन बर्ननं सुपरमॅनचं चरित्र नव्यानं मांडलं, त्यात तो कधी सुपरबॉय झालाच नाही. मग त्या पोरांसाठी एक खिशातलं विश्व शिवावं लागलं. १९९४ चं ‘झीरो अवर’ हे सगळे टाके झाकायला काढलं. अंकांचे क्रमांक ४ पासून उलटे ०पर्यंत. त्यात बॅटमनच्या गॉथम शहराच्या छपरांवर बार्बरा गॉर्डन बॅटगर्ल होऊन उड्या मारताना दिसते, आणि तुम्हाला तर पक्कं ठाऊक आहे की १९८८ मध्ये जोकरची गोळी लागल्यापासून ती चाकाच्या खुर्चीत आहे. दोन्ही खऱ्या. थोड्याच वेळात तुमच्या पायाखालचं पान पांढरं पडत जातं, चित्र नाही, चौकट नाही. मग शेवटच्या अंकात घडीचा लांब तक्ता: अधिकृत कालक्रम! आपले पुराणिक असते तर ‘कल्पभेद’ म्हणून मोकळे झाले असते, गणपतीच्या जन्माच्या सगळ्या कथा सुखानं नांदल्या असत्या. मला त्यांचाच मार्ग शहाणपणाचा वाटतो.

कारण इतिहास पुसला तरी माणसं उरतात. पॉवर गर्लचंच बघा. ती त्या म्हाताऱ्या सुपरमॅनची चुलतबहीण. तिचं जग गेलं, ती राहिली. मग तिला सांगण्यात आलं, तू अटलांटिसच्या एका जादूगाराची नात. २००५ मध्ये सायको-पायरेट तिला एकामागून एक खोटे भूतकाळ दाखवतो आणि मग खरा सांगतो: तू दुसऱ्या पृथ्वीच्या सुपरमॅनची, क्रिप्टनची. हा गुन्हेगार, त्यातून आर्खमच्या वेड्यांच्या इस्पितळात दिवस काढलेला, तिथे आवळून बांधलेला. क्रायसिसनंतर तो अनंत पृथ्व्यांबद्दल बडबडत होता, ती बडबड खरी होती, आणि डॉक्टरांनी ती रोगाचं लक्षण म्हणून धरली. आता पॉवर गर्लनं विश्वास कुणावर ठेवायचा? ती तुमच्याकडे बघतेय. तुम्ही तर तिथे होतात.