गिरणगांवांतील खोली

मुंबईच्या गिरणगांवाचा इतिहास बहुधा गिरण्यांचा म्हणून लिहिला जातो. आम्हांस येथें तो खोल्यांचा म्हणून पाहावयाचा आहे. कावसजी दावर यांनीं १८५४ सालीं कापडगिरणीचा पाया घातला. पुढें गिरण्या वाढल्या, तशीं रत्नागिरी-साताऱ्याकडील माणसें परळ-लालबागेंत भरूं लागलीं. एका गांवचे गडी वर्गणीनें खोली घेत, पाळीपाळीनें तींत निजत, आणि शेजारच्या खानावळींत जेवत. ह्या खानावळवाल्या बायांना सावकारी पाशांतून सोडविण्यासाठींच प्रेमा पुरव यांच्या पुढाकारानें १९७५ सालीं अन्नपूर्णा महिला मंडळ निघालें. हें जीवन सुखाचें होतें असें आम्ही म्हणणार नाहीं. सामाईक नळाचें कौतुक दुरून करणें सोपें! तथापि पगार थकला तरी उधारीवर जेवूं घालणारें कोणी तरी त्याच आळींत असे.

१८ जानेवारी १९८२ रोजीं संप सुरू झाला. सुमारें अडीच लक्ष कामगार बाहेर पडले; पुष्कळांस पुन्हां आंत जातांच आलें नाहीं. परंतु ह्या वस्तीचें भवितव्य, आमच्या मतें, संपाइतकेंच एका नियमानें ठरलें. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीप्रमाणें गिरणीच्या जमिनीचा ढोबळमानानें एक तृतीयांश भाग महापालिकेस मोकळ्या जागेसाठीं, एक तृतीयांश म्हाडास घरांसाठीं व उरलेला मालकास, अशी वांटणी होती. २००१ सालीं नियम बदलला. वांटणी आधींच मोकळ्या असलेल्या जमिनीचीच करावी, इमारती पाडून मोकळी होणारी तींत धरूं नये, असें ठरलें. गिरणीच्या आवारांत आधींच मोकळी जागा ती किती असणार! २००६ सालीं सर्वोच्च न्यायालयानें हा बदल ग्राह्य धरला.

मग फीनिक्स गिरणीच्या आवारांत बाजार झळकला, आणि लोअर परळास जाहिरातींत ‘अपर वरळी’ हें नांव मिळालें. चाळकऱ्यास बहुधा कोणी हांकलून दिलें नाहीं. खोलीची पागडीच एवढी चढली कीं, मुलीच्या लग्नासाठीं किंवा जुनें कर्ज फेडण्यासाठीं ती सोडून डोंबिवलीस वा विरारास दोन खोल्या घेणें शहाणपणाचें वाटूं लागलें. व्यवहार राजीखुशीचा खरा. पण नोकरी गेलेल्या माणसाच्या खुशीस कितीसा अर्थ उरतो? जे राहिले, त्यांतील कित्येकांस नव्या मनोऱ्यांत घर मिळालें, आणि त्याबरोबर लिफ्टचा व देखभालीचा महिन्याचा खर्चही आला. उधारीची खानावळ मात्र त्या मनोऱ्यांत नाहीं.

गणेशोत्सवांत गेलेलीं माणसें लालबागेस येतात, जुन्या चाळीच्या मंडपांत आरतीस उभीं राहतात, आणि परतीची गाडी गांठावयाची म्हणून प्रसाद हातांतच घेऊन निघतात.