निवृत्तीनंतरचा आरोपी: वेस्टमिन्स्टर हॉल ते पेन्शनचा हक्क

१/ नोकरी संपली म्हणजे त्या नोकरीतील कृत्यांची जबाबदारीही संपते काय? १३ फेब्रुवारी १७८८ रोजी हा प्रश्न लंडनच्या वेस्टमिन्स्टर हॉलमध्ये उभा राहिला. आरोपी होता बंगालचा माजी गव्हर्नर जनरल वॉरन हेस्टिंग्ज. पद सोडून त्याला तीन वर्षे झाली होती.

२/ १७५० मध्ये ईस्ट इंडिया कंपनीचा कारकून म्हणून तो कलकत्त्यास आला आणि सर्वोच्च पदापर्यंत चढला. १७८५ मध्ये तो मायदेशी परतला, तेव्हा त्याला मानसन्मानाची अपेक्षा होती. पुढच्याच वर्षी एडमंड बर्कने कॉमन्स सभेत त्याच्यावर २२ आरोप ठेवले. बनारसच्या चेतसिंगाकडून उकळलेला पैसा, अवधच्या बेगमांचा हिरावलेला खजिना आणि स्वीकारलेले नजराणे ही त्यांतील ठळक प्रकरणे.

३/ त्या यादीत मराठ्यांशी झालेले युद्ध आणि तहही होता. हे पहिले इंग्रज-मराठा युद्ध १७८२ च्या सालबाईच्या तहाने संपले होते. प्रत्यक्ष खटल्यात मात्र मोजक्याच आरोपांवर पुरावे मांडले गेले आणि मराठ्यांचा विषय मागे पडला.

४/ महाभियोगासाठी आरोपी पदावर असण्याची गरज नव्हती. पण खटला केव्हा संपावा, यालाही काही बंधन नव्हते. १७९० मध्ये पार्लमेंट विसर्जित झाली. आता खटलाही संपुष्टात येतो काय, यावर वाद झाला आणि तो पुढे चालवावा असे ठरले.

५/ २३ एप्रिल १७९५ रोजी हेस्टिंग्ज निर्दोष ठरला. सात वर्षांत कामकाज झाले ते सुमारे दीडशे दिवस. निकालाच्या वेळी मत देणारे उमराव उरले होते केवळ २९. बचावाच्या खर्चाने, सुमारे ७०,००० पौंडांनी, त्याचे कंबरडे मोडले. अखेर कंपनीने त्याला सालिना ४,००० पौंड बांधून दिले.

६/ हे वर्षासन त्याचा हक्क नव्हता. धन्याची ती मेहेरबानी होती. पुढे ब्रिटिश हिंदुस्थानातील सेवानियमांतही तिची छाया राहिली. निवृत्तीनंतरचे सद्वर्तन ही प्रत्येक पेन्शनची गृहीत अट मानली गेली. निवृत्त माणसाला बडतर्फ करता येत नाही. सरकारच्या हाती उरते ती त्याची पेन्शन. म्हणून सारा वाद तिच्याभोवती फिरतो.

७/ १९७१ मध्ये देवकीनंदन प्रसाद विरुद्ध बिहार राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ही मेहेरबानीची कल्पना मोडीत काढली. पेन्शन ही सरकारच्या मर्जीवर अवलंबून असलेली बक्षिसी नसून कर्मचाऱ्याची मालमत्ता आहे, असे न्यायालयाने ठरवले. १७ डिसेंबर १९८२ च्या नकारा निकालाने हाच विचार अधिक दृढ केला.

८/ मग भ्रष्ट अधिकारी निवृत्त होताच सुटला काय? नाही. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधील नियम २७ पाहा. सेवेत असताना सुरू झालेली विभागीय चौकशी निवृत्तीनंतरही चालू राहते. गंभीर गैरवर्तन किंवा निष्काळजीपणा सिद्ध झाल्यास पेन्शन रोखता वा काढून घेता येते. परंतु निवृत्तीनंतर नवी चौकशी सुरू करायची, तर शासनाची मंजुरी हवी आणि ती घटना चौकशी सुरू होण्यापूर्वीच्या चार वर्षांच्या आतली हवी.

९/ २०१३ मध्ये झारखंड राज्याच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने आणखी एक रेघ आखली. चौकशी प्रलंबित आहे एवढ्याच कारणाने, नियमाचा आधार नसताना, पेन्शन किंवा ग्रॅच्युइटी अडवता येणार नाही. कारण संविधानाच्या अनुच्छेद ३००अ नुसार कायद्याच्या आधाराविना कोणाचीही मालमत्ता हिरावता येत नाही.

१०/ हेस्टिंग्जला जाब विचारला गेला, यात अन्याय नव्हता. बनारस आणि अवधच्या तक्रारींना कुठेतरी न्यायासन मिळणे आवश्यकच होते. पण त्या न्यायासनाला मुदत नव्हती, म्हणून निकाल येईतो आरोपी खंगला आणि तक्रारदारांच्याही पदरी काही पडले नाही. नियमातील ती चार वर्षे म्हणूनच महत्त्वाची. ती निवृत्ताला अनंत टांगणीपासून वाचवतात आणि सरकारलाही बजावतात: जाब विचारायचा असेल, तर वेळेत विचारा.