शेवटच्या कडव्यातलं नाव

ऐकण्यापेक्षा वाचणं ज्यांना आवडतं त्यांच्यासाठी या भागाचं हे लेखी रूप.

आमचं गाव सिद्धेश्वर, तालुका औंढा नागनाथ, जिल्हा हिंगोली. बाहेरच्यांना पूर्णेवरचं धरण माहीत असतं, गाव नाही. चौदा एप्रिल जवळ आली की आबा, म्हणजे माझे चुलत आजोबा, पेटी पुसायला घ्यायचे. त्यांची भीमगीतांची गायन पार्टी होती. कॅसेट एकही निघाली नाही.

‘जय भीम कॉम्रेड’ बघताना ते आठवले. आनंद पटवर्धन यांचा २०११ चा माहितीपट, तीन तासांच्या आसपास. त्याची सुरुवात ११ जुलै १९९७ ची. घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले आणि राज्य राखीव पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले. चारच दिवसांनी मुलुंडच्या झोपडपट्टीत शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. कपाळाला निळी पट्टी बांधलेली.

आता बघा, हा माणूस कित्येक वर्षं लाल झेंड्याखाली गायलेला. मग जाताना निळी पट्टी का? पटवर्धन त्यांना ओळखत होते. १९८५ च्या ‘हमारा शहर’मध्ये घोगऱ्यांचं गाणं आहे. तो प्रश्न घेऊन ते चौदा वर्षं शूटिंग करत राहिले. (आमच्याकडे चौदा दिवसांचा स्प्रिंट लांबला तरी मीटिंग लागते.) वस्तीतले गायक, गाणाऱ्या बायका, पुण्याच्या कबीर कला मंचाच्या शीतल साठे असे एकामागून एक येत जातात. मला भावलं ते वेगळंच: गाणं संपलं तरी कॅमेरा चालूच राहतो. माणूस घाम पुसतो आणि मग खरं बोलायला लागतो.

या गाण्यांना कागद कमी मिळाला, म्हणून नाव जपायची सोय गाण्यातच केलेली असते. शेवटच्या कडव्यात कवी स्वतःचं नाव गुंफतो. आमच्याच जिल्ह्यातल्या नर्सीचे नामदेव अभंगात ‘नामा’ म्हणून येतात, तसेच वामनदादा कर्डक आपल्या गाण्यात ‘वामन’ म्हणून. फाईलचं नाव कुणीही बदलू शकतं. हे नाव काढायचं तर यमकच मोडतं! वामनदादा २००४ साली गेले, पण ज्यांनी त्यांना कधी पाहिलं नाही अशा पोरांच्या तोंडीही ते नाव आहे. गायक शेवटचं कडवं गाळतात तेव्हा मात्र कवी पुसला जातो, आणि वेळ कमी असला की पहिलं तेच गाळतात.

२०१९ च्या दिवाळीत मी आबांना फोनवर रेकॉर्ड केलं. अकरा मिनिटं, चार गाणी, मागे पंख्याची घरघर. ते मध्येच बोलायला लागले की मी म्हणायचो, “आबा, ते राहू द्या, पुढचं म्हणा.” पुढच्या वर्षी आबा गेले. चारांपैकी एका गाण्यात वामन आहे. उरलेल्या तिन्हींत नाव नाही, आणि गावात विचारलं तर प्रत्येक जण वेगळंच सांगतो.

फाईलच्या शेवटी आबांचा आवाज येतो, “आता हे कुणाचं, माहीत आहे का तुला...” आणि तिथेच मी स्टॉप दाबलेलं आहे.